उज्जबेड अण्णा

साताऱ्याहून बसनं बेंगळुरूला आले, मॅजेस्टिकजवळच्या एका लॉजमध्ये तोंड धुतलं, कपडे बदलले आणि तशीच पीण्या औद्योगिक वसाहतीत मुलाखतीला गेले. कारखाना लहान होता. व्हॉल्व्हच्या पोटात सरकणारे बोटाएवढे पोलादी दांडे तिथे बनायचे. मालक माझी डिप्लोमाची मार्कलिस्ट चाळत बसले होते. त्यांच्या मागे भिंतीशी एक उंच, वाळके गृहस्थ उभे होते. पन्नाशी उलटलेली, जाड भुवया, दोन्ही हात पाठीमागे घट्ट बांधलेले. अर्धा तास ते एक शब्द बोलले नाहीत. नुसते माझ्या तोंडाकडे बघत होते. शेवटी मालकांनी मागे वळून विचारलं, "तुम्हाला काही विचारायचंय?"

"होय की." मग मला म्हणाले, "आल्यापासून पाचदा झालं. उजवा तीनदा, डावा दोनदा. झोप येतीया की खाज सुटतीया?"

मला काही कळेना. मालक कपाळाला हात लावून हसू दाबत होते. तेवढ्यात माझा हात पुन्हा डोळ्याकडे गेला आणि ते गृहस्थ जवळजवळ ओरडले, "सहा!"

नोकरी गेली असं वाटून मी बाहेर बाकावर येऊन बसले. दहा मिनिटांनी तेच बाहेर आले. हातात एक छोटा थर्मास. त्यातून बर्फाच्या पाण्यात भिजवलेली, घट्ट पिळलेली कापडाची पांढरी घडी काढली आणि माझ्यासमोर धरली. "मिटलेल्या डोळ्यांवर ठेव. दाबू नकोस. सोमवारपासून ये."

त्यांचं खरं नाव हजेरीपटात होतं, पण कारखान्यात त्या नावानं कुणी हाक मारलेली मी ऐकली नाही. तोंडावर सगळे 'अण्णा' म्हणायचे आणि पाठीमागे 'उज्जबेड अण्णा'. कन्नडमध्ये उज्जबेड म्हणजे चोळू नको. मोठ्या माणसाला आदरानं म्हणायचं तर 'उज्जबेडी'. अण्णांच्या तोंडून दिवसभरात हे दोन्ही शब्द इतक्या वेळा निघायचे, की कन्नडचा पहिला शब्द म्हणून मी पाण्याचा 'नीरु' किंवा जेवणाचा 'ऊटा' शिकले नाही, उज्जबेड शिकले.

ते मूळचे बेळगावजवळच्या खानापूरकडचे. विशीत बेंगळुरूला आले ते इथलेच झाले. चामराजपेटेत दोन खोल्यांचं भाड्याचं घर, घरात ते आणि त्यांच्या पत्नी, म्हणजे काकू. योगायोगानं मला पेइंग गेस्ट म्हणून जागा मिळाली ती त्यांच्यापासून दोन गल्ल्या सोडून. त्यामुळे सकाळी मार्केट स्टेशनपासून पीण्यापर्यंत मेट्रोत आमची सोबत असायची. सोबत म्हणजे काय, मी मोबाइल बघायची आणि अण्णा डबा न्याहाळायचे. बसायला जागा असली तरी ते उभे राहायचे. उभं राहून सगळ्यांचे हात दिसतात.

त्यांनी डोळे चोळणाऱ्यांच्या जाती लावल्या होत्या. मुठीचे, म्हणजे बोटांच्या पेरांनी रगडणारे. हे सगळ्यांत वाईट. तळव्याचे, म्हणजे कोपरं गुडघ्यावर टेकून तळहातांत डोळे दाबून बसणारे. हे बहुतेक कंप्युटरवाले. चिमटीचे, जे चष्मा वर सारून नाकाजवळचे कोपरे चोळतात. हे हिशेबनीस आणि मास्तर. आणि चोरटे, जे आजूबाजूला कुणी बघत नाही ना अशी खात्री करून करतात. "चोरट्यांना ठाऊक असतंय," अण्णा म्हणायचे. "त्यांना डॉक्टरनं सांगितलेलं असतंय."

मग ते त्या माणसासमोर जाऊन उभे राहायचे आणि खाली वाकून म्हणायचे, "सर, कण्णु उज्जबेडी." बहुतेक लोक ओशाळून हात खाली घ्यायचे. काही जण चिडायचे. यशवंतपूरला चढणाऱ्या एका टायवाल्यानं त्यांना सगळ्या डब्यासमोर सुनावलं होतं, की तुमचे डोळे तुम्ही सांभाळा. अण्णा शांतपणे "सरी, सरी", म्हणजे बरं, बरं, म्हणाले आणि पुढच्या माणसाकडे वळले. मला मात्र मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यानंतर बरेच दिवस मी मुद्दाम बायकांच्या डब्यात चढायची.

एकदा मात्र ते स्वतःच पार ओशाळले. मी पुन्हा त्यांच्याच डब्यातून जायला लागले होते. दाराजवळ एक बाई दोन्ही हातांनी डोळे चोळत उभी होती. अण्णा नेहमीप्रमाणे गेले, वाकले, म्हणाले. बाईनं हात काढले. ती रडत होती. डोळे लाल, गालांवरून पाणी. तिनं काही रागावून म्हटलं नाही. "तप्पायतु", म्हणजे चुकलं, एवढं म्हणून पदराचं टोक तोंडात धरलं आणि पुढच्या स्टेशनवर उतरून गेली. अण्णा जागच्या जागी उभे राहिले. त्या दिवशी इन्स्पेक्शनच्या खोलीत, जिथे आम्ही दोघं तयार दांडे मोजून तपासायचो, त्यांनी जेवताना डबा उघडून तसाच ठेवला आणि मला म्हणाले, "माफी तिनं मागितली गे. मी मागायची सोडून तिनं." पुढचा आठवडाभर मेट्रोत ते जमिनीकडे बघत उभे असायचे. त्यानंतर कुणाला काही सांगण्याआधी ते त्या माणसाच्या गालांकडे बघायला लागले.

कामात त्यांच्यासारखा माणूस मी पुन्हा पाहिला नाही. केसाच्या जाडीचे साठ-सत्तर भाग केले तर त्यातला एक भाग म्हणजे एक मायक्रॉन. आमचे दांडे दोन मायक्रॉनच्या आत गोल असावे लागत. अण्णा दांडा हातात घेऊन फिरवायचे आणि यंत्रावर लावायच्या आधीच सांगायचे, "हा लंबगोल आहे." यंत्र तेच सांगायचं. त्यांची सही असलेला माल गिऱ्हाईक पुन्हा तपासत नसे.

एकदा पुण्याचे एक मोठे गिऱ्हाईक कारखाना तपासायला आले. मालकांनी आठ दिवस आधीपासून भिंती रंगवून घेतल्या होत्या. साहेब कागद बघता बघता चष्मा वर करून डोळे चोळायला लागले. मी मनात म्हटलं, अण्णा, आज नको. मालकांनी तर अण्णांकडे हात जोडल्यासारखं बघितलं. अण्णा म्हणाले, "साहेब, हात खाली घ्या. तुमच्या घरात आणखी कोण असं चोळतंय?"

साहेबांचा चेहरा उतरला. "मुलगी," ते म्हणाले. "सारखी चोळते. का?"

"चष्म्याचा नंबर भरभर बदलतोय का तिचा? तिरका नंबर?"

"दर सहा महिन्यांनी."

"मग तिच्या कॉर्नियाचा नकाशा काढून घ्या. डोळ्याच्या डॉक्टरकडं मशीन असतंय. आज फोन करा."

मालक काचेच्या खिडकीतून बाहेर बघत राहिले. पण पुढच्या खेपेला ते साहेब आले, ते आधी मालकांच्या केबिनमध्ये न जाता थेट इन्स्पेक्शनच्या खोलीत आले. मुलीच्या डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा पातळ होऊन सुळक्यासारखा पुढे येऊ लागला होता. लवकर कळल्यामुळे औषधाचे थेंब आणि विशिष्ट प्रकाश वापरून तो घट्ट करता आला होता. साहेबांनी अण्णांचा हात दोन्ही हातांत धरला आणि बराच वेळ धरून ठेवला. अण्णांना अवघडल्यासारखं झालं. "आता तिला चोळू देऊ नका म्हणजे झालं," असं म्हणून त्यांनी हात सोडवून घेतला.

इतकं होऊनही मी त्यांना विक्षिप्तच समजत होते. त्यांना एवढं सगळं कसं माहीत, हे मी कधी विचारलं नव्हतं. ते मला कळलं ते एका भलत्याच दिवशी, रिक्षात.

त्या दिवशी मी शॉपफ्लोअरवर एका कामगाराच्या शेजारी उभी राहून डायल वाचत होते. संरक्षक चष्म्यावर वाफ धरली म्हणून मी तो क्षणभर काढला. शेजारच्या ग्राइंडरवरून काहीतरी उडालं आणि उजव्या डोळ्यात निखारा पडल्यासारखं झालं. माझे दोन्ही हात आपोआप वर गेले. ते डोळ्याला टेकायच्या आत कुणीतरी मनगटं पकडली. अण्णा शॉपफ्लोअरच्या त्या टोकाकडून कसे आले, मला माहीत नाही.

"सोडा!" मी किंचाळले.

"नाही सोडत. आधी पाणी."

एका बाईनं पिण्याच्या पाण्याची बाटली माझ्या डोळ्यावर हळूहळू रिती केली. अण्णांनी मनगटं सोडली नाहीत. पाण्यानं कण निघाला नाही. त्यांनी जवळ येऊन बघितलं. "रुतलाय. पोलाद आहे. चोळलंस तर आणखी आत जाईल आणि सगळीकडं ओरखडे पडतील. चल."

तसेच आम्ही रिक्षात बसलो. राजाजीनगरच्या बाजूला एक डोळ्यांचा दवाखाना त्यांच्या माहितीतला होता. सगळी वाट त्यांनी माझे दोन्ही हात माझ्या मांडीवर दाबून धरले होते. वेदना एक वेळ सोसवते. पण डोळ्यात काहीतरी आहे आणि त्याला हात लावायचा नाही, हे सोसवत नाही. मी हिसके देत होते, रडत होते, त्यांना नाही नाही ते बोलत होते. "म्हाताऱ्या, सोड," असंसुद्धा म्हणाले. हे आठवलं की अजून लाज वाटते.

गोरगुंटेपाळ्याच्या सिग्नलला रिक्षा अडकली. शेजारच्या मोटारसायकलवरच्या दोन पोरांनी आत बघितलं. एक रडणारी मुलगी, तिचे हात धरून बसलेला एक पोक्त माणूस. पोरं उतरलीच. फुलं विकणारी एक बाईही टोपली ठेवून धावत आली. "बिडी! बिडी अवळन्न!" सगळे एकदम ओरडायला लागले. मला तेव्हा कन्नड धड येत नव्हतं. डोळ्यात आग पेटलेली असताना माझ्या मनात आलं, की हे लोक बिडी कशाला मागताहेत? नंतर कळलं, की ते "सोडा, तिला सोडा" म्हणत होते.

एका पोरानं अण्णांची कॉलर धरली. दुसऱ्यानं एक थप्पड ठेवून दिली. अण्णांचा चष्मा खाली पडला. ते कन्नडमधून भराभर सांगत होते, पण कुणी ऐकत नव्हतं. आणि ते हात सोडत नव्हते. नुसते हात सोडले असते तर सगळं तिथेच मिटलं असतं. त्यांना चष्मा उचलायला हात हवा होता, गाल झाकायला हवा होता. त्यांनी माझी मनगटं सोडली नाहीत.

मग मीच ओरडले. कन्नड, हिंदी, मराठी, जे येईल ते. "कण्णु! डोळा! लोहा गया है अंदर! ये मेरे अण्णा हैं!"

गर्दी एकदम थांबली. फूलवाली बाई वाकून माझ्या डोळ्यात बघत "अय्यो" म्हणाली. ज्या पोरानं थप्पड मारली होती त्यानंच चष्मा पुसून अण्णांच्या नाकावर ठेवला आणि मग त्या दोघांनी मोटारसायकल पुढे घालून, हॉर्न वाजवत, आमच्या रिक्षाला वाट करून दिली.

तिथून पुढे अण्णा बोलत राहिले. माझं लक्ष दुसरीकडे जावं म्हणून असेल, किंवा मार खाल्ल्यानं आतलं काहीतरी सैल झालं असेल.

"मी बावीस वर्षांचा होतो गे. ग्राइंडिंगला उभा असायचो. चष्मा कोण देतंय तेव्हा? धूळ, तेलाची वाफ, आणि ह्या गावातली झाडं फुलली की मला भयंकर खाज. संध्याकाळी खोलीवर गेलो की दोन्ही मुठींनी चोळत बसायचो. काय सुख होतं ते, तुला सांगतो. डोळ्याला पाणी सुटतं, गार वाटतं, जीव निवांत होतो. डॉक्टर म्हणाले, डोळ्यावर दाब पडला की काळजाचे ठोकेसुद्धा स्वल्प मंद होतात. म्हणून दमलेल्या माणसाचा हात तिकडंच जातोय. आणि खाजेचं तर काय, चोळलं की बरं वाटतं, पण त्यानंच आतून आणखी खाज सुटते. मग आणखी चोळायचं. मला वाटायचं, आपलाच डोळा आहे, आपलाच हात आहे, काय बिघडतंय?"

"मग?" मी हुंदके देत विचारलं.

"मग दर दिवाळीला नवा चष्मा. रात्री दिवा बघितला की त्याला शेपट्या फुटायच्या. एका रेघेच्या तीन रेघा. मोठ्या डॉक्टरकडं गेलो तोवर दोन्ही डोळ्यांचा आकार गेला होता. पडदा गोल पाहिजे, माझा टोकदार झाला. ते म्हणाले, काहींचा पडदा मुळातच नाजूक असतो, तुझा असेल. पण तू चोळून चोळून ते काम पुरं केलंस." मग म्हणाले, "दिवसभर मी दुसऱ्यांच्या वस्तू गोल आहेत का बघायचो. आणि संध्याकाळी खोलीवर जाऊन हे."

ते कडक लेन्स घालतात हे मला तेव्हा कळलं. वरचा चष्मा नुसता धुळीसाठी होता.

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी डोळा बधिर करून सुईच्या टोकानं कण काढला. काळा ठिपका, टाचणीच्या डोक्याहून लहान. त्याच्याभोवती गंज धरायला लागला होता, तोही खरवडला. मग त्यांनी माझ्या मनगटांवरचे लाल वळ बघितले आणि विचारलं, "हे कुणी केलं?" मी बाहेर बोट दाखवलं. बाहेर अण्णा सुजलेला गाल घेऊन बसले होते. बाकावरच्या एका शाळकरी मुलीला सांगत होते, उज्जबेड.

डोळा बरा झाल्यावर मी त्यांच्या घरी गेले. काकूंनी कॉफी दिली. मी त्यांना म्हटलं, "अण्णांचा स्वतःच्या हातांवर किती ताबा आहे! मला तर दोन मिनिटं जमलं नाही."

काकू दाराकडे बघून हळूच म्हणाल्या, "जागेपणी आहे. झोपेत चोळतात ते. लग्नाला एकतीस वर्षं झाली, मी त्यांचा हात धरून झोपते. आधी मला वाटायचं, काय प्रेमळ नवरा मिळाला. नंतर कारण कळलं." आणि तोंडाला पदर लावून त्या इतक्या हसल्या की कॉफी सांडली.

त्यानंतर दोनेक वर्षांनी अण्णा माझ्याकडून डायलवरची मोजमापं वाचून घ्यायला लागले. आधी सहज म्हणून, "बघ गे, तुला काय दिसतंय?" मी आकडा सांगायची, ते मान हलवायचे आणि लिहायचे. मला वाटायचं, मला शिकवताहेत. एके दिवशी एका मोठ्या मागणीचा माल निघायचा होता. त्यांनी एका दांड्याचा आकडा आधीच लिहून ठेवला होता आणि मी वाचला तो वेगळा आला. तीन मायक्रॉनचा फरक. "पुन्हा वाच." मी पुन्हा वाचलं. त्यांनी वाचलं. त्यांनी लेन्स काढली, धुतली, घातली, पुन्हा वाचलं. मग दहा दांडे मांडले आणि आम्ही दोघांनी वेगवेगळ्या कागदांवर आकडे लिहिले. दहापैकी चार जुळले. मोठ्या यंत्रावर लावून बघितलं, तर ते माझ्या बाजूचं होतं.

अण्णा खुर्चीत बसले. पेन खाली ठेवून म्हणाले, "डावा डोळा आधीच गेलेला. उजव्यावर चाललं होतं. आता त्याच्यावरही व्रण धरलाय. मला चार महिने ठाऊक आहे."

"चार महिने?"

"तू बरोबर वाचत होतीस म्हणून निभलं. पण आजचा आकडा मी तुला न विचारता लिहिला होता." त्यांनी हात पाठीमागे नेले. "हा माल गेला असता."

ते उठून मालकांकडे गेले. मी दारात उभी होते. अण्णांनी सरळ सांगितलं, की आजपासून माझी सही धरू नका. मालक खुर्चीतून उठले. म्हणाले, "कुणाला कळणार आहे? ती वाचेल, तुम्ही सही करा. तुमच्या सहीवर गिऱ्हाईक आहे." अण्णा म्हणाले, "म्हणूनच." मालकांनी पुष्कळ समजावलं, शेवटी रागावले, आणि मग त्यांचे डोळे भरून आले. अण्णांनी त्यांना रुमाल दिला. "टिपून घ्या," म्हणाले. "चोळू नका."

पुढचं वर्ष त्यांनी घरात काढलं. चामराजपेटेतल्या ज्या गल्लीत ते तीस वर्षं राहिले तिथे ते भिंतीला हात लावत चालायचे. मी शनिवारी जायची, वर्तमानपत्र वाचून दाखवायची. डॉक्टरांनी उजव्या डोळ्यासाठी दुसऱ्या कुणाचा तरी पडदा बसवावा लागेल असं सांगितलं होतं आणि नेत्रपेढीकडे नाव नोंदवून ठेवलं होतं. काकूंनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "फोन वाजला की दचकतात. परवा म्हणाले, आपण कुणाच्या घरी माणूस जायची वाट बघतोय."

फोन आला तो एका बुधवारी दुपारी. मी कामावरून थेट दवाखान्यात पोचले तेव्हा त्यांना आत नेत होते. मला बघून एवढंच म्हणाले, "कोण गेलं असेल गे?"

शस्त्रक्रिया नीट झाली. पहिले काही आठवडे सगळं धुरकट, पाण्याखालून बघितल्यासारखं. टाके टोचायचे, प्रकाश सहन व्हायचा नाही. डोळ्यावर प्लास्टिकची जाळीदार वाटी, दिवसातून कितीतरी वेळा थेंब. मग हळूहळू भिंतीवरचं घड्याळ दिसायला लागलं, नंतर त्यातले काटे. एका सकाळी काकू भाजी निवडत होत्या तेव्हा अण्णा एकदम म्हणाले, "तुझे केस कधी पिकले?" काकू म्हणाल्या, "तुम्ही लोकांचे डोळे बघत होता तेव्हा."

मालकांनी परत बोलावलं. अण्णा गेले, माझ्यासमोर बसून दहा दांडे वाचले. आठ जुळले. मालक टाळी वाजवणार होते. अण्णा म्हणाले, "आठ म्हणजे दहा नव्हे," आणि नवीन पोरांना शिकवायला आठवड्यातून दोन सकाळी येईन एवढं कबूल करून घरी गेले. मीही पुढे ती नोकरी सोडून एचएसआर लेआउटमधल्या एका कंपनीत लागले. तिथे दिवसभर स्क्रीन आणि सगळे तळव्याचे. मी कुणाला काही सांगत नाही. अण्णांचा धीर माझ्यात नाही.

त्यांच्या मनातून एक गोष्ट मात्र जात नव्हती. त्यांनी नेत्रपेढीत जाऊन विचारलं, की कुणाचा डोळा आहे. तिथल्या बाई म्हणाल्या, नाव सांगत नाहीत, तुमचंही त्यांना सांगत नाहीत. पण पत्र लिहायचं असेल तर नाव-गाव न घालता लिहा, आम्ही पोचवायचा प्रयत्न करू.

मला बोलावणं आलं. मी कागद घेऊन बसले. काकू शेजारी. त्यांचं शिक्षण कन्नड शाळेतलं, त्यामुळे मी मराठीत लिहायचं आणि खाली त्यांनी कन्नडमध्ये लिहायचं असं ठरलं. ते घर कुठल्या भाषेचं आहे कुणाला ठाऊक?

अण्णांनी सांगायला सुरुवात केली. आधी शस्त्रक्रियेची हकिगत सांगितली, मग आता किती ओळी वाचता येतात ते. एक पान भरलं. मी वाचून दाखवलं. "फाड," म्हणाले. "हा रिपोर्ट झाला." दुसऱ्यांदा पुष्कळ आभार मानले, उपकार, ऋण, देवमाणूस. तेही फाडायला लावलं. "त्यांच्या घरात माणूस गेलंय आणि मी आनंद कळवालोय." बाहेर भाजीवाला ओरडत गेला. काकूंच्या पेनचं टोपण पडलं, त्यांनी ते उचललं.

शेवटी अण्णांनी दोनच वाक्यं सांगितली. मी ती लिहिली. खाली काकूंनी सावकाश, शाळकरी गोल अक्षरात तीच कन्नडमध्ये लिहिली.

'तुमच्या घरातल्या माणसाचा डोळा माझ्याकडे आहे. मी त्याला हात लावत नाही.'